उणे दोनशे चौदा कोटी

बापू,

हे सगळं फोनवरच सांगितलं असतं. पण आपल्याकडं रेंज सापडते ती अंगणाच्या एका कोपऱ्यात, तीही मोठ्यानं बोललं तरच, आणि हे बोलणं शेजाऱ्यापाजाऱ्यांनी ऐकावं असं नाही. शिवाय फोन बाबांचा. म्हणून कागदावर लिहून एसटीनं येणाऱ्या काकूंच्या पिशवीत टाकतेय. वाचून झालं की चुलीत घाल.

दिवाळीत घरी आले तेव्हा तू मला घरामागं ओढत नेलंस आणि फोन पुढं धरलास. "ताई, पाह्य मी काय केलं!" गाड्यांच्या ज्या खेळात शंभर कॉइन गोळा करायला तुला अर्धा दिवस लागायचा, तिथं दोनशे चौदा कोटींवर काहीतरी आकडा झळकत होता. मी काही म्हणायच्या आत तू गाडी दामटलीस, वाटेतलं एक कॉइन उचललंस, आणि आकड्याच्या अलीकडं उणेचं चिन्ह येऊन बसलं. उणे दोनशे चौदा कोटी. तुझं तोंड असं झालं की मला हसू आवरेना. सेमाडोहात एवढा मोठा कर्जदार आजवर झाला नसेल.

हसले खरी, पण रात्री झोप लागली नाही. तुझ्या कॉइनची चिंता नव्हती. फोन बाबांचा होता, म्हणून.

आधी त्या उण्याचं सांगते, कारण तू दोन दिवस तेच विचारत होतास. खेळ तो आकडा बत्तीस खणांच्या डब्यात ठेवतो. एका खणात फक्त अधिक की उणे एवढंच. उरलेल्या एकतीस खणांत मावेल असा सगळ्यांत मोठा आकडा २,१४,७४,८३,६४७. तू नेमका तोच भरलास, कुणीतरी व्हिडिओत सांगितला असणार. त्यात आणखी एक पडला की डबा सांडतो आणि सांडलेलं चिन्हाच्या खणात जातं. बस, तेवढंच. तुला कुणाचे पैसे द्यायचे नाहीत.

आणि तू ते केलंस कसं, तेही मला माहीत आहे. कॉइन १२४० होते. त्या टूलला म्हटलंस, मेमरीत १२४० कुठं कुठं आहे ते शोध. हजारो जागा निघाल्या. मग खेळात जाऊन पंधरा कॉइन मिळवलेस, परत आलास, आता त्या हजारोंपैकी १२५५ कुठं झाले ते विचारलंस. दहा-बारा उरल्या. अजून एकदा. शेवटी एक-दोन जागा राहिल्या, त्यातला आकडा पुसून आपला लिहिलास. बाबा पाणवठ्यावरच्या शंभर ठशांतून एकाच वाघाचा माग काढतात, तशातलंच हे. खरं सांगू का, तुला हे कुणी न शिकवता जमलं याचं मला आतून कौतुक वाटलं. मुंबई-पुण्याला ज्याला लोक पगार देऊन डीबगिंग म्हणतात, त्याची पहिली पायरी हीच. कॉम्प्युटरवर यासाठी चीट इंजिन आहे, फोनवर गेमगार्डियन. दोन्हींच्या पोटातली युक्ती एकच.

मग ताई रागावली कशावर? सांगते. आश्रमशाळेत प्रत्येकाची लोखंडी पेटी असते ना, प्रत्येकाचं कुलूप वेगळं? अँड्रॉइडमध्येही तसंच असतं. प्रत्येक ॲपला आपला वेगळा नंबर, आपली वेगळी मेमरी. एका ॲपनं दुसऱ्याच्या पेटीत हात घालायचा नाही, हा तिथला पहिला नियम. खेळाची पेटी वेगळी, बँकेची वेगळी, आईच्या फोटोंची वेगळी. आता तुझ्या त्या टूलचं कामच मुळी दुसऱ्याच्या पेटीत हात घालायचं. ते व्हायचं तर अधीक्षकाच्या कमरेचा किल्ल्यांचा जुडगा पाहिजे. त्यालाच रूट करणं म्हणतात. आणि जुडगा एकदा हाती आला की तो फक्त खेळाचीच पेटी उघडेल असं त्याच्यावर कुठं लिहिलेलं असतं?

तू म्हणशील, मी रूट केलंच नाही, ते दुसरं ॲप वापरलं, ज्याच्या आत खेळ परत टाकायचा. हो, तीही पळवाट आहे. एका ॲपच्या पोटात खोटा फोन उभा करायचा, त्यात खेळही ठेवायचा आणि टूलही. मग दोघं एकाच पेटीत, कुलपाचा प्रश्नच मिटला. पण त्या पोटातल्या फोनमध्ये तू बाबांचं गुगल खातं टाकलंस. तिथं टाइप केलेलं अक्षर न् अक्षर ते पोट ज्याचं आहे त्याला दिसू शकतं. तो कोण, कुठला, तुला माहीत आहे? मलाही नाही.

असली टूलं प्ले स्टोअरवर मिळत नाहीत, इथंच खरी गोम आहे. खरं टूल कुठलं आणि त्याच नावाचं नकली कुठलं, हे ओळखायला माझ्यासारखीलाही घाम फुटतो. व्हिडिओखाली लिंक असते. लिंकवर गेलं की "तुम्ही माणूस आहात हे सिद्ध करा, त्यासाठी ही दोन ॲपं टाका." मग "प्ले प्रोटेक्ट बंद करा, नाहीतर चालणार नाही." राखणीच्या कुत्र्याला बांधून ठेवा म्हणणाऱ्या पाहुण्याला आपण घरात घेतो का? मग ते एसएमएस वाचायची परवानगी मागतं. मग ॲक्सेसिबिलिटीची. ही सोय खरं तर ज्यांना दिसत नाही, बोटं नीट चालत नाहीत, अशा माणसांसाठी केलेली. ती ज्या ॲपला मिळते ते पडद्यावरचं सगळं वाचू शकतं आणि आपल्या वतीनं बटणंही दाबू शकतं. व्हॉट्सॲपवर लग्नपत्रिका म्हणून, नाहीतर आरटीओचं चालान म्हणून एपीके फाइल येते आणि लोकांची खाती रिकामी होतात, त्याच्या बातम्या तू ऐकल्या आहेस. ती फाइल आणि फुकट कॉइनची फाइल, दोन्ही फोनमध्ये एकाच दारानं येतात.

आता मुंबईच्या पोरानं हे केलं तर त्याचा स्वतःचा फोन बिघडतो. बापाचा वेगळा, आईचा वेगळा. आपल्याकडं घराला एक. बाबांची वनमजुरी त्याच नंबराच्या खात्यात जमा होते, आईच्या बचत गटाचा मेसेज तिथंच, तुझ्या शिष्यवृत्तीचा ओटीपी तिथंच. पैसे गेले तर घाट उतरून परतवाडा, तिथून एखादवेळी अमरावती. एक दिवसाची मजुरी बुडवून, आणि साहेब जेवायला गेले असतील तर दोन दिवसांची. हरिसालला २०१६ साली सरकारनं मायक्रोसॉफ्टला घेऊन डिजिटल गाव केलं तेव्हा आपल्याकडूनही लोक बघायला गेले होते. गाव डिजिटल करणं सोपं, बापू. घरातला एकुलता एक फोन सांभाळणं अवघड.

आता माझं ऐक. हे मी कुणाला सांगितलेलं नाही.

मी बीसीएच्या पहिल्या वर्षाला होते. सुटीत घरी आलेले. तेव्हा घरचा फोन आईकडं असायचा. मला शेतीच्या एका खेळाचं वेड लागलेलं, त्यातली हिरवी रत्नं हवी होती. वर्गातल्या एकीनं सांगितलं, एक बटण दाबलं की फोन रूट होतो. दाबलं. फोन बंद झाला, सुरू झाला, कंपनीचं नाव आलं आणि तिथंच थांबला. रात्रभर चार्जिंगला लावून उशाशी घेऊन झोपले, सकाळीही तेच नाव. परतवाड्याच्या दुकानदारानं हातात घेताच ओळखलं. "सॉफ्टवेअर मारा लागते. डाटा जाईन." साडेतीनशे रुपये. मी मान हलवली.

गेलं काय, तर आईच्या गटाचं रजिस्टर. त्या पावसाळ्यात ट्रंकेखाली वाळवी लागलेली आणि अर्धी वही खाल्लेली. म्हणून आईनं त्याच आठवड्यात माझ्याकडून उरलेल्या पानांचे फोटो काढून घेतले होते, नवीन वहीत उतरवायला. आणि मूळ पानं हाताळताना चुरा होत होती म्हणून जाळून टाकली होती. अकरा बायकांची बचत. कुणी किती भरले, कुणी किती उचलले, कुणाचा हप्ता राहिला. सगळं त्या फोनात आणि फक्त त्या फोनात.

महिनाभर आपल्या ओसरीवर भांडणं झाली. एकमेकींच्या लेकरांना पाजलेल्या बायका एकमेकींना खोटारडी म्हणत होत्या. शेवटी आठवणीवरून हिशोब जुळवला, सहाशे चाळीस रुपये कुठंच बसेनात, ते आईनं स्वतःच्या गाठीचे भरले. मला विचारलं तेव्हा मी म्हटलं, फोन आपोआप बंद पडला. तू तेव्हा लहान होतास, बिस्कीट खात बघत होतास सगळं.

रत्नं? ती मिळालीच नाहीत. तो खेळ इंटरनेटवरचा होता. त्यातला आकडा माझ्या फोनवर फक्त दाखवायला होता, खरा हिशोब कंपनीच्या सर्व्हरवर. मी पाटीवरचा आकडा पुसायला निघाले होते, वही तर तिकडं दुसऱ्याच्या कपाटात.

हा फरक तू नीट समजून घे, कारण आपल्या गावानं तुला फसवलंय. इथं नेट धड नाही, म्हणून तुम्ही पोरं बिननेटचे खेळ खेळता. सबवे सर्फर्स, हिल क्लाइंब रेसिंग आणि तसलेच. त्यांचं बरंचसं धन फोनमध्येच असतं, म्हणून तुझी युक्ती लागू पडली. आता तुला वाटतंय की उद्या पुढं शिकायला अमरावतीला आलास की फ्री फायर मॅक्समध्ये, बीजीएमआयमध्येही हेच करशील. पण या खेळांतलं धन, डायमंड काय, यूसी काय, सगळं सर्व्हरवर असतं. फोनात बदलेल तो देखावा. फार तर गोळी कुठं लागणार, भिंतीपलीकडं कोण आहे, असल्या गोष्टींत काही लोक हात घालतात, आणि तिथंच पकडले जातात.

कसे पकडले जातात हे तर आपल्याच जंगलात बघ. पूर्वी मेळघाटात वाघ मोजायचे ते ठशांवरून. काच ठेवून ठसा उतरवायचा. त्यात चुका व्हायच्या. आता कॅमेरे लावतात, आणि बाबा सांगतात तसं, वाटेच्या एका बाजूला एक लावून भागत नाही. वाघाच्या डाव्या कुशीचे पट्टे उजवीसारखे नसतात, म्हणून समोरासमोर दोन. वाघाला वाटतं आपण एकटेच चाललोय. खेळाच्या कंपन्याही दोन बाजूंनी बघतात. तुझा फोन काय म्हणतो ते एकीकडं, आणि एवढ्या मिनिटांत एवढं मिळणं शक्य होतं का याची नोंद दुसरीकडं. शिवाय त्या लगेच काही बोलत नाहीत. कॅमेऱ्यातलं कार्ड जसं काही दिवसांनी काढतात, तसं पकडलेल्यांना साठवून एकदम झाडतात, म्हणजे कुठल्या करामतीमुळं सापडलो हे कुणाला कळत नाही. पबजी मोबाइलमध्ये तर खातं दहा वर्षांसाठी बंद करतात. तू आत्ता चौदाचा आहेस. चोविसाव्या वर्षी परत ये म्हणतात. बीजीएमआयवाले नुसतं खातं नाही, फोनच बाद करतात. म्हणून जुना फोन घेताना परतवाड्याच्या दुकानात तो खेळ उघडून बघ हो, दुसऱ्याचं पाप आपल्या गळ्यात नको.

मोठ्या स्पर्धांतही हे झालंय, आणि आपल्याच देशाचं नाव घेऊन झालंय. ऑक्टोबर २०१८, चीनमधलं शांघाय. काउंटर-स्ट्राइकच्या आशियाई स्पर्धेत ऑप्टिक इंडिया नावाचा आपला संघ खेळत होता. त्यातला फॉरसेकन या नावानं खेळणारा मुलगा सामना चालू असतानाच सापडला. कॉम्प्युटर तपासायला माणूस आला तेव्हा तो घाईघाईनं एक फाइल पुसू बघत होता. फाइलचं नाव काय ठेवलं होतं, तर वर्ड डॉट ईएक्सई. जणू पत्र लिहायचा प्रोग्रॅम. संघ बाद झाला, त्याच्या मालक कंपनीनं तो मोडूनच टाकला, त्याला पाच वर्षांची बंदी. मला त्याच्यापेक्षा उरलेल्या चौघांचं वाईट वाटतं. इतकी वर्षं घासून तिथवर पोचले आणि चीनमधून परतले ते दुसऱ्याच्या फाइलमुळं. आईच्या गटातल्या अकरा बायकांसारखे.

आणि असली टूलं विकणारे कोण असतात माहीत आहे? २०२१ साली चीनमधल्या कुनशान शहराच्या पोलिसांनी टेन्सेंट कंपनीच्या मदतीनं एक टोळी धरली. 'चिकन ड्रमस्टिक' म्हणजे कोंबडीची तंगडी असं त्यांच्या धंद्याचं नाव. दहा जण सापडले. त्यांनी या फसव्या टूलांवर ७ कोटी ६० लाख डॉलर कमावले होते. दिवसाच्या भाड्यानं विकायचे, साधारण दहा डॉलर रोज. त्यांच्याकडून महागड्या गाड्या जप्त झाल्या. तुझ्या खेळातल्या नाही, खऱ्या.

तरी चीटिंग म्हटलं की सगळंच वाईट असं मी म्हणणार नाही. मामा सांगतो ना, त्याच्या वेळी अमरावतीला तासावर पैसे देऊन व्हिडिओ गेम खेळायचे, आणि कॉन्ट्रामध्ये वर-वर, खाली-खाली, डावं-उजवं, डावं-उजवं, बी, ए दाबलं की तीस जीव मिळायचे. ती खूण खेळ बनवणाऱ्यानंच ठेवलेली. कोनामी कंपनीतल्या काझुहिसा हाशिमोतो नावाच्या माणसानं १९८६ साली ग्रेडियस नावाच्या खेळात ती पहिल्यांदा घातली, कारण तपासून बघताना त्याला स्वतःचाच खेळ झेपेना. घरच्या मालकानंच मागचं दार दाखवणं वेगळं आणि कौलं काढून उतरणं वेगळं. मामाच्या त्या तीस जिवांनी कुणाचं रजिस्टर गेलं नाही.

आणि एक गोष्ट तूच मला सांगितलीस, तुझ्या लक्षात नसेल. आकडा उणे झाल्यावर तू तो परत सरळ केलास, सगळ्या गाड्या घेतल्यास, सगळे रस्ते उघडलेस. तिसऱ्या दिवशी मी विचारलं, काऊन बे, खेळत नाहीस? तर म्हणालास, "त्यात काई मज्याच नाई राह्यली." बस. यावर मी काय बोलू?

आता काय करायचं ते ऐक, आणि आजच कर. ते पोटातला फोन उभा करणारं ॲप आणि ते टूल, दोन्ही काढून टाक. मग सेटिंगमध्ये ॲक्सेसिबिलिटी उघड आणि तिथं कुठलं अनोळखी नाव चालू दिसतंय का बघ, असेल तर बंद कर. प्ले प्रोटेक्ट बंद केलं असशील, ते परत चालू कर आणि सगळा फोन एकदा तपासू दे. गुगलचा पासवर्ड मात्र बाबांच्या फोनवरून बदलू नको, तो मी इथल्या कॉम्प्युटरवरून बदलते. दुसऱ्या टप्प्याचा आकडा त्या फोनवर येईल, तो मला अंगणाच्या कोपऱ्यातून ओरडून सांग. ओरडून सांगण्यासारखा आयुष्यातला हा एकच आकडा, बाकी कुणालाही सांगायचा नाही. खात्यातून एक रुपया जरी विनाकारण गेलेला दिसला तर वाट बघत बसू नको, १९३० ला फोन लाव. फोनचं घड्याळही तू पुढं केलेलं दिसतंय, त्या गोळ्यांच्या खेळात जीव लवकर भरावेत म्हणून. ते जागेवर आण. आईचं व्हॉट्सॲप तारीख चुकीची आहे म्हणतंय ते त्याचमुळं, आणि ती बिचारी रेंजला शिव्या देतेय.

हात थांबत नसतील, तर माझ्याकडं एक जुना फोन पडून आहे. काच तडकलेली, बॅटरी तासभर टिकते. त्यात सिम नाही, कुणाचं खातं नाही, एकही फोटो नाही. पुढच्या सुटीत घेऊन येते. त्याचं काय वाटेल ते कर, रूट कर, मोड, लोगोवर अडकव. अडकला तर सॉफ्टवेअर कसं मारतात ते मी शिकले आहे, दोघं मिळून मारू. आणि शाळेच्या कॉम्प्युटरवर स्क्रॅच असेल तर त्यात स्वतःचा खेळ बनव, कॉइनवाला. मग मी त्यातले कॉइन चोरायचा प्रयत्न करते, तू अडवून दाखव. आकडा आहे तसा ठेवू नको, काहीतरी उलटसुलट करून ठेव, म्हणजे मला शोधता येणार नाही. खऱ्या खेळवाल्यांनाही हेच करावं लागतं.

बाबांना मी काही बोलले नाही. पण मी निघाले त्या सकाळी एसटीची वाट बघताना ते हळूच म्हणाले, "तुले पोट्ट्यानं काई सांगतलं काय? फोनात उणे दोनशे चौदा कोटी दिसले होते मले. ते कोणाले द्या लागते?" दोन रात्री ते त्यावर विचार करत असणार. मी सांगितलं, खेळातलं आहे. त्यांनी मान हलवली, पण पटलेलं दिसलं नाही. ते उणे कुठून आलं ते तूच समजाव त्यांना, डब्याच्या खणांचं. तुला जमेल.

आणि हे चुलीत घाल म्हटलं होतं ना वर? नको घालू. रजिस्टरचं लिहिलंय तिथपासून आईला वाचून दाखव. मी समोर असले की तोंडातून निघत नाही. सहाशे चाळीस रुपये काकूंजवळ वेगळ्या पाकिटात दिलेत.

तुझी,
ताई